पुस्तकांचा शेजार

मुरलीधरपंत उकिडवे यांच्या अभ्यासिकेत कोणतेही पुस्तक आपल्या मित्राशेजारी उभे नसे; ते प्रतिपक्षाशेजारी उभे असे. सतराव्या शतकात अमेरिकेच्या किनाऱ्यावर उतरलेल्या धर्मनिष्ठ इंग्रजांनी आपल्या वसाहतींचे जे पहिलेवहिले इतिहास लिहिले, त्यांचा पंतांनी जन्मभर अभ्यास केला होता. त्या अभ्यासातून त्यांचे असे ठाम मत झाले होते, की ग्रंथ एकटा असला की बढाया मारतो, आणि त्याला खोटे पाडणारा ग्रंथ खेटून उभा केला की जरा जपून बोलू लागतो. म्हणून गव्हर्नराच्या रोजनिशीला लागून त्याच गव्हर्नराने हद्दपार केलेल्या बाईच्या खटल्याची कागदपत्रे असत, आणि युद्धातल्या विजयाचे स्तोत्र गाणाऱ्या प्रवचनांच्या कुशीत, त्या युद्धात ज्यांची गावे जळाली त्या मूळ रहिवाशांच्या जमिनींचे करारनामे असत. येणाऱ्याजाणाऱ्याला ती भिंत म्हणजे निव्वळ अडगळ वाटे. पंतांना ती वाचता येत असे.

पंतांचे दोन ग्रंथ अमेरिकेतल्या एका विद्यापीठाने छापले होते. पहिल्यात त्यांनी त्या जुन्या इतिहासकारांची कसून झडती घेतली होती. त्या मंडळींची अशी श्रद्धा, की घटना जशा घडल्या त्या क्रमाने मांडत गेले की ईश्वराचा हेतू आपोआप उमटतो. जहाज बुडाले, मग दुष्काळ पडला, मग सर्वांनी उपवास केला, मग पाऊस आला. लेखकाने फक्त क्रम राखायचा, अर्थ देव सांगतो. पंतांनी पानोपानी दाखवून दिले होते, की क्रम स्वतः काही बोलत नसतो; जो मांडतो तोच बोलतो, आणि बोलून झाल्यावर देवाचे नाव पुढे करतो. दुसरा ग्रंथ मूळ रहिवाशांच्या टोळ्यांच्या कैदेतून सुटून आलेल्या वसाहतीतल्या स्त्रियांनी लिहिलेल्या हकिगतींवर होता. तिसरा शेवटचा. त्या शतकात इतिहास आणि वाङ्मय या दोन वस्तू नव्हत्याच, हे त्यात सिद्ध व्हायचे होते. त्याचे शेवटचे प्रकरण तेवढे राहिले होते, आणि प्रकाशकांनी डिसेंबरपर्यंत थांबायचे कबूल केले होते.

हे प्रकरण कागदावर नव्हते, कारण कागद आता पंतांच्या उपयोगाचा राहिला नव्हता. वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी त्यांच्या दोन्ही डोळ्यांच्या मध्यभागी एक राखी डाग येऊन बसला होता. कडेचे दिसे, ज्याकडे पाहावे नेमके तेच नाहीसे होई. तेव्हा त्यांनी प्रकरणाचा सगळा युक्तिवाद लांब भिंतीवर पुस्तकांच्या शेजारांतून रचला. कापडी बांधणी, फाटका कणा, जाडी, उंची, यांवरून बोटे पुस्तक ओळखत; आणि या पुस्तकाला ते का लागून आहे, एवढे आठवले की एक परिच्छेद तयार होई. उरले होते ते फक्त तोंडी सांगून लिहवून घेणे. ते सुरू करायच्या आठवड्यात पंत न्हाणीघरात घसरले, खुब्याचे हाड मोडले, आणि इस्पितळ व त्यानंतरचे पुनर्वसन केंद्र यांत सारा पानगळीचा ऋतू गेला.

जुलैमध्ये, म्हणजे ऑस्ट्रेलियातल्या हिवाळ्यात, एका थंड दुपारी मुलगा विक्रांत त्यांना केलीव्हिल उपनगरातल्या घरी घेऊन आला. दार नातवाने उघडले.

"हाय आजोबा! यू लुक सो थिन!" ओजस म्हणाला, आणि त्यांच्या हातातली पिशवी घेऊन आत पळाला.

चारुता दारातच उभी होती. पंतांची ही सून कौन्सिलच्या लायब्ररीत नोकरी करत असे. सासूबाई गेल्यापासून पाच वर्षे पंतांचे पथ्यपाणी, डोळ्यांच्या तपासण्या आणि वादविवाद हे तिन्ही तिने सांभाळले होते, आणि त्यांतले तिसरे सर्वांत अवघड होते.

"बाबा, चहा नंतर," ती म्हणाली. तिच्या आवाजात न मावणारा आनंद होता. "आधी तुमची खोली बघा. चला, हळू. वॉकर पुढे टाका."

खोली पूर्वी मोटारीचे गराज होती. दार उघडताच पंतांना पहिली गोष्ट जाणवली ती ही, की धुळीचा वास नाही. दुसरी अशी, की भिंतीवर कडेच्या दृष्टीला पिवळे ठिपके दिसताहेत. ओळीने, एका उंचीवर, शेकडो.

"आता शोधाशोध बंद," चारुता सांगत होती. "प्रत्येक पुस्तकाच्या कण्यावर मोठा नंबर लावलाय. काळ्यावर पिवळा, कारण तो कॉन्ट्रास्ट तुम्हाला दिसतो. मी आय क्लिनिकमध्ये विचारून घेतलं. आमच्या लायब्ररीत असतं तसंच लावलंय सगळं, विषयवार. नऊशेच्या पुढचा इतिहास, तो या लांब भिंतीला. आठशे म्हणजे लिटरेचर, ते खिडकीकडे. आणि धर्माची सगळी दोनशेत, ती दाराजवळ. कुणालाही सांगा, अर्ध्या मिनिटात काढून देईल."

पंतांनी वॉकर सोडला, भिंतीशी गेले आणि हात लावला. जिथे रोजनिशीचा खरबरीत कापडी कणा असायचा तिथे गुळगुळीत प्लॅस्टिक लागले. त्याच्या शेजारी तसलेच. त्याच्याही शेजारी तसलेच. खटला नव्हता, कविता नव्हत्या, प्रवचने नव्हती. सगळे इतिहासकार एका रांगेत, एकमेकांना दुजोरा देत उभे होते.

"इतिहास इकडे," ते अगदी हळू म्हणाले, "आणि वाङ्मय तिकडे."

"हो ना. आधी सगळं मिक्स झालं होतं."

"चारुता, ते मिसळलेलं नव्हतं. ते एकत्र होतं. ते एकत्र का होतं हेच तर मला सांगायचं होतं. माणसाची जीभ काढून ती जिभांच्या कप्प्यात ठेवायची, आणि हात हातांच्या कप्प्यात; मग म्हणायचं, बघा, आता कसा नीट सापडतो माणूस!"

"बाबा," विक्रांत म्हणाला, "इनफ. तिनं दोन आठवडे सुट्टी काढून हे केलंय."

"सद्हेतूने केलेला घात हाही घातच असतो."

"घात काय घात! इतकं महत्त्वाचं होतं तर कुठे लिहून ठेवायचं होतं."

"कोणत्या डोळ्यांनी?"

 पंत तेवढ्यावर थांबले नाहीत. वाद निम्म्यावर सोडणे त्यांना कधी साधलेच नव्हते. त्यांनी चारुता होती त्या दिशेला तोंड केले. तिचा चेहरा राखी डागात बुडालेला होता, आणि कदाचित म्हणूनच पुढचे वाक्य त्यांच्या तोंडून इतके स्वच्छ निघाले. "तू पुस्तकं आवरली नाहीस. तू माझं शेवटचं प्रकरण खोडलंस. मला आता दुसरं आयुष्य नाही ते पुन्हा लिहायला."

स्वयंपाकघरात ठेवलेला चहा उतू गेल्याचा आवाज आला. कुणी हलले नाही.

"फोटो आहेत," चारुता म्हणाली.

"कसले?"

"प्रत्येक कप्प्याचे. संग्रह हलवायच्या आधी फोटो काढून ठेवायचे, हे आम्हाला पहिल्या दिवशी शिकवतात. मी परत लावून देते. होतं तसंच." तिच्या आवाजात रडू नव्हते, रागही नव्हता. काउंटरपलीकडून परक्या माणसाशी बोलावे तसा तो आवाज होता. आणि पुढे कित्येक आठवडे पंतांना तोच ऐकायला मिळाला.

शनिवारची दुपार ठरली. मदतीला ऑस्वाल्ड तुस्कानो आला. हा मूळचा वसईचा, ब्लॅकटाउनच्या शाळेत जन्मभर इतिहास शिकवून निवृत्त झालेला. पंतांशी त्याची ओळख कुणाच्या तरी बारशात झाली, भांडण त्याच दिवशी झाले, आणि गेली तीस वर्षे दोन्ही टिकून होती. पंतांचे डोळे गेल्यापासून तो दर बुधवारी बसने येऊन त्यांना वाचून दाखवी.

"काय उकिडवे," आत येताच तो गरजला, "हाड जुळलं, पण तोंड काही बंद झालं नाही म्हणे तुझं?"

"तू आलास ना, आता तुझं उघडेल."

"मराठी माणूस, राहणार ऑस्ट्रेलियात, आणि अभ्यास कुणाचा, तर अमेरिकेचा! तीन ठिकाणी पाय टाकलेस, मेट. खुबा मोडणारच." 'मेट' ही मित्राला मारायची इथली हाक त्याच्या तोंडी बसली होती. मग चारुताकडे वळून, "दे गं बाई, ते यंत्र दे. हेअर ड्रायरनं लेबलं निघतात हे मला माहीत नव्हतं. या पुस्तकांना आमच्यापेक्षा जास्त केस असतील."

चारुता हसली, पण ऑस्वाल्डशी. टॅब्लेटवर फोटो मोठा करून ती नाव वाचायची, ऑस्वाल्ड ते पुस्तक शोधायचा, ती गरम हवेने लेबल सोडवायची आणि पुस्तक जागेवर जायचे. पंत कोपऱ्यातल्या खुर्चीत शाल गुंडाळून बसत. कप्पा पुरा झाला की ती म्हणे, "लांब भिंत, तिसरा कप्पा, झाला." 'बाबा' हा शब्द वाक्यातून गळाला होता. चहा ती आणून ठेवी, पण पूर्वीसारखी कप घेऊन समोर बसत नसे.

पंतांना हे दिसत नव्हते असे नाही. क्षमा मागावी असे त्यांनी पहिल्याच शनिवारी ठरवले होते. वाक्य रचायलाही घेतले होते. पण वाक्य रचणे हा त्यांचा धर्म असल्याने ते सरळ होईना. 'माझे शब्द कठोर होते' असे म्हटले की मागून 'परंतु' येई. 'तुझा हेतू चांगला होता' म्हटले की 'तथापि' येई. प्रत्येक क्षमायाचनेच्या पोटात एक युक्तिवाद दडून बसलेला सापडे, आणि पंत ते वाक्य टाकून देत. एकदा सगळे पूर्ववत होऊ दे, त्यांनी मनाशी म्हटले, प्रकरण सांगायला सुरुवात होऊ दे. मग ग्रंथाच्या ऋणनिर्देशात तिचे नाव घालू. त्यात 'परंतु' येणार नाही.

ऑगस्ट संपता संपता शेवटचा कप्पा लागला. चारुता आत गेली. ऑस्वाल्डने पंतांना हात देऊन उठवले.

"चला, परीक्षा," तो म्हणाला. "बोटं फिरव आणि सांग. मी फोटोत बघतो."

पंतांनी डावीकडून सुरुवात केली. चिकटपट्टीचा डिंक कण्यांवर थोडा उरला होता, बोट किंचित धरल्यासारखे होई. पण त्याखाली जुने कापड होते. "रोजनिशी," ते म्हणाले. "मग खटला. मग प्रवचनं, तिसरा खंड. मग करारनामे." आवाज चढत गेला. "हे फाटक्या कण्याचं, कैदेतल्या बाईची हकिगत. बरोबर?"

"शंभर टक्के. पुढे."

"कवितासंग्रह. त्यानंतर..." बोटे थांबली. पातळ, उभट, कडक पुठ्ठ्याचे. "पंचांग."

"पंचांगच. बॉस्टनमध्ये छापलेलं, त्याचं हे पुनर्मुद्रण." ऑस्वाल्डने ते जरासे पुढे ओढून पाहिले. "भरती-ओहोटी, ग्रहणं, पेरणीचे दिवस. कवितेला लागून पंचांग? हे काय गौडबंगाल आहे, उकिडवे?"

पंतांनी तोंड उघडले. उत्तर जिभेवर असल्यासारखे वाटले, आणि ते आलेही. पंचांगाच्या समासात लोक दुकाळ आणि मृत्यू टिपून ठेवत. तोच त्यांचा इतिहास, आणि तीच ओळ पुढे कवितेत येते. म्हणून असेल. किंवा, पंचांगातही पद्ये छापत. म्हणजे इतिहास, शेती आणि काव्य एका पानावर. म्हणूनही असेल. किंवा काळाविषयी असेल. कविता लिहिणारी बाई काळाला ईश्वराचा म्हणते, आणि पंचांगवाला तो गणिताने मोजतो. तीन कारणे उभी राहिली, तिन्ही चांगली. पन्नास वर्षे वादात घासलेली त्यांची बुद्धी आणखी तीन देऊ शकली असती. परंतु ती आता सुचत होती. आठवत एकही नव्हते.

"सांगतो," ते म्हणाले. "पुढचं बघू."

पुढे एका जहाजाच्या प्रवाशांच्या नोंदी होत्या, आणि त्यांना लागून लहान मुलांसाठी लिहिलेले मृत्यूवरचे पुस्तक. का? त्यापुढे पुन्हा एक इतिहास, आणि त्याला खेटून त्याचीच दुसरी आवृत्ती. का? पंत वॉकर ढकलत भिंतीच्या टोकापर्यंत गेले. पुस्तके सगळी ओळखीची होती. एकाचेही नाव चुकले नाही. सुरुवातीच्या चारपाच जोड्या त्यांनी आधीच्या ग्रंथांतही वापरल्या होत्या, त्या तेवढ्या बोलल्या. बाकीचे सगळे शेजारी, न्यायाधीश उठून गेल्यावरही वादी-प्रतिवादी बसून राहावेत, तसे गुमान उभे होते.

"मुरली?" ऑस्वाल्डने विचारले. हे नाव तो क्वचित घेई.

"फोटोत चूक नाही ना?"

"नाही. तुझ्या सुनेच्या कामात चूक निघणार नाही, तुला माहीत आहे."

"माहीत आहे."

पंत खुर्चीत येऊन बसले. त्यांनी सवयीप्रमाणे शक्यतांची छाननी केली. पहिली, की इस्पितळात भूल दिली तेव्हा या शेजारांमागचे 'का' पुसले गेले. दुसरी, की डोळ्यांमागोमाग ते आधीच झिजत गेले होते, आणि रोज भिंतीला हात लावून पंत पुस्तके जागच्या जागी असण्यालाच आठवण समजत होते. तिसरी शक्यता सर्वांत वाईट होती: ते 'का' पूर्ण असे कधी नव्हतेच. पुस्तके एकमेकांशेजारी लावताना एक आनंद होत असे, काहीतरी जुळल्याचा. आणि लिहायला बसलो की अर्थ आपोआप उमटेल, आपण फक्त क्रम राखावा, अशा भरवशावर ते वर्षानुवर्षे राहिले होते. ज्या भोळ्या इतिहासकारांना त्यांनी तीनशे पानांत फाडून खाल्ले होते, ते भिंतीवरून हे सारे पाहत होते.

"पुनःपुन्हा वाचून दाखवीन," ऑस्वाल्ड म्हणाला. "एकेक घेऊ. रोज येईन, हवं तर. थेरेसा म्हणेल, बरी टळली नवऱ्याची ब्याद."

"किती वर्षं?"

 ऑस्वाल्डच्या तीस वर्षांच्या स्नेहातला हा पहिलाच प्रश्न असावा, ज्याला त्याने चेष्टा लावली नाही.

दार वाजले. चारुता चहाचा ट्रे घेऊन आली, तो टेबलावर ठेवला, आणि जाता जाता थांबली. "सगळं बरोबर आहे?" तिने विचारले. "आता लिहिता येईल?"

'येईल' म्हणणे सोपे होते. तिने केलेल्या कष्टांचे चीज झाले असते, विक्रांतला हायसे वाटले असते. डिसेंबर आला असता आणि गेला असता, म्हाताऱ्या माणसांची पुस्तके अपुरी राहतातच. त्यात आणखी एक लबाड सोय होती: तसे झाले तर दोष कुणाचा, हे न बोलताही घरात सर्वांना ठाऊक राहिले असते. पंतांना ती सोय दिसली. आयुष्यभर दुसऱ्यांच्या लिखाणात त्यांनी नेमक्या अशाच सोयी हुडकून काढल्या होत्या.

"तू एकही पुस्तक चुकीचं लावलेलं नाहीस," ते म्हणाले. "होतं तसंच आहे."

"मग झालं तर."

"थांब. मला ते वाचता येत नाही, चारुता. कुठलं पुस्तक कुठे, ते येतं. का, ते येत नाही. ते तुझ्या लेबलांनी गेलेलं नाही. त्याआधीच गेलं होतं. मला पत्ता नव्हता. मी तुला जे बोललो ते खोटं होतं."

'परंतु' आला नाही. पंत त्याची वाट पाहत क्षणभर थांबलेसुद्धा.

चारुता उभीच होती. तिचा चेहरा पाहावा म्हणून पंतांनी मान वळवली, कडेच्या दृष्टीत तिला धरण्याचा प्रयत्न केला. खिडकीतला हिवाळी उजेड, दाराची चौकट आणि तिच्या स्वेटरची बाही एवढेच हाती लागले.

"म्हणजे पुस्तक होणार नाही?" तिने विचारले.

"नाही."

"विक्रांतला मी सांगू, की तुम्ही सांगता?"

"मी सांगतो. प्रकाशकांनाही कळवायला हवं." पंतांनी घसा साफ केला. "तुझी ती लेबलं आहेत का गं? लाव परत. तू म्हणाली होतीस, कुणालाही सापडेल असं. माझ्यानंतर निदान कुणाला तरी एखादं सापडेल."

"ती टाकली, बाबा. पिवळ्या रिसायकलिंग बिनमध्ये गेली." 'बाबा' हा शब्द परतला होता, पण दमलेला, कुणी मुद्दाम बोलावून न आणलेला. "नवीन करावी लागतील. बघते, सवड झाली की." ती बाहेर गेली. दार तिने ओढून घेतले नाही, लावलेही नाही. नुसते सोडून दिले.

ऑस्वाल्डने चहाचा कप पंतांच्या हातात दिला आणि तो धरला आहे याची खात्री झाल्यावर बोट सोडले. मग तो पुढे ओढलेले पंचांग घेऊन आला. "वाचू यातलं काही? कुठलाही महिना सांग."

"जुलै वाच."

"तिकडचा जुलै म्हणजे उन्हाळा, मेट."

"असू दे."

ऑस्वाल्ड वाचू लागला: भरती कधी, चंद्र कुठे, गवत कापायला कोणता दिवस चांगला. गराजच्या जुन्या शटरखालून थंडी आत येत होती. पानामागून पान झाले, उजेड उतरला, ऑस्वाल्डची शेवटची सोयीची बस यायची वेळ झाली. त्याने पंचांग मिटून पंतांच्या मांडीवर ठेवले आणि कोट घातला.

"जागेवर ठेवू का ते?" त्याने विचारले.

पंतांनी पुठ्ठ्याच्या कडेवरून अंगठा फिरवला. कवितासंग्रह आणि जहाजाच्या नोंदी यांच्यामध्ये त्याची फट मोकळी होती. खोलीच्या या टोकावरूनही ती त्यांना नेमकी सांगता आली असती.

"राहू दे इथंच," ते म्हणाले.